भावी बी.ए.

नळ खोकला.

नांदेडच्या त्या तिसऱ्या गल्लीत दुपारचे पावणेतीन म्हणजे कुत्रीसुद्धा पाय न वाजवता सरकतात अशी वेळ. पाच वर्षांची पियू उताणी झोपली होती. सासरे लिंबाजीराव तोंडावर पेपर पांघरून बातम्या आतल्या बाजूनं वाचत होते. सासू नागाबाई भिंतीला पाठ लावून बसल्या बसल्या पेंगत होत्या, आणि पंचशीला दिवसातला आपला एकुलता एक मोकळा तास घेऊन मोबाईलपुढं बसली होती. तेवढ्यात मोरीतल्या उघड्या ठेवलेल्या नळाला कोरडा ठसका लागला. पाण्याच्या आधी हवा येते, तिचा हा खोकला. दोनदा खोकला, एकदा फुसकारला आणि चमचाभर तांबूस पाणी थुंकला.

"आला गं माय, चौथ्या दिवशी आला!" नागाबाई डोळे उघडायच्या आधी उभ्या राहिल्या. पण घागरीकडं न जाता त्या आधी भिंतीवरच्या कॅलेंडरकडं गेल्या. तिथं दोऱ्याला बांधलेली पेन्सिल लोंबत होती. आजच्या तारखेवर त्यांनी एक गोल काढला, गोलाखाली दोन रेघा मारल्या आणि मगच घागर उचलली. हा त्यांचा शिरस्ता होता. घरात कुणी त्याचं कारण कधी विचारलं नव्हतं. काही माणसं शिंकल्यावर नाक चोळतात, नागाबाई नळ आला की गोल काढतात, इतकंच.

एरवी नळ खोकला की पंचशीला पुस्तक उपडं टाकून पाइप जोडायला धावायची. आज ती जागची हलली नाही.

"पंचशीला, अगं नळ आलाय की!"

"आत्या," ती मोबाईलवरची नजर न काढता म्हणाली, "मी बी.ए. नाही."

नागाबाईंच्या हातातली घागर नळाखाली वाकडी झाली. "मंग काय हायस?"

या प्रश्नाचं उत्तर अर्जाच्या एकाही रकान्यात नव्हतं.

झालं होतं असं. महिन्यापूर्वी पंचशीला राज्यसेवेची पूर्व परीक्षा पास झाली. कुकर, पियूची शाळा आणि नळ यांच्या फटीफटीतून अभ्यास करून झाली. पिठाच्या डब्यावर राज्यघटनेची कलमं चिकटवली होती. भाकरी थापता थापता पाठ केली. त्यामुळं अजूनही एखादं कलम आठवायचं तर तिचे हात आपोआप गोल फिरायचे, आणि परीक्षेच्या हॉलमध्ये शेजारच्या मुलीनं पर्यवेक्षकांना बोलावून, "ह्या काहीतरी खुणा करून राहिल्यात," अशी तक्रारही केली होती.

निकाल लागला त्याच्या दुसऱ्याच दिवशी गल्लीच्या तोंडाशी फ्लेक्स लागला. लिंबाजीरावांनी लावला. ते एस.टी.च्या वर्कशॉपात पेंटर होते. तीस वर्षं बसच्या पाट्या रंगवल्या. नांदेड-लातूर, नांदेड-किनवट, नांदेड-देगलूर. अक्षराचा माणूस. फ्लेक्सवर वर निळ्या रंगात 'भावी उपजिल्हाधिकारी', त्याखाली 'आयुष्मती पंचशीला अश्वजित', त्याखाली अकरा शुभेच्छुकांचे फोटो. त्यातले शेजारचे शेषेराव काका गॉगल लावून होते आणि त्यांचा फोटो पंचशीलेपेक्षा दोन बोटं मोठा होता. पंचशीलेचा फोटो कुणाच्या तरी बारशातला, कापून घेतलेला. शेजारी उभ्या असलेल्या नागाबाई कापल्या गेल्या, पण त्यांचा हात काही निघाला नाही. तो तसाच सुनेच्या खांद्यावर राहिला, मनगटावर दोन काचेच्या बांगड्यांसकट. येणारा-जाणारा विचारायचा, "हात कुनाचा हो?" नागाबाई पदर सावरून म्हणायच्या, "माजाच हाय त्यो."

पियू नुकतीच जोडाक्षरांपर्यंत आली होती. तिनं फ्लेक्स वाचला आणि विचारलं, "भावी म्हणजे?" पंचशीलेनं सांगितलं, "अजून झालं नाही, पण होणार आहे ते." तेव्हापासून घरात विरजण लावलेलं दूध भावी दही होतं, मळलेलं पीठ भावी भाकरी होतं आणि पियू स्वतः भावी पहिली होती.

आता मुख्य परीक्षेचा अर्ज. पूर्व परीक्षेला शेवटच्या वर्षातली मुलंसुद्धा बसू शकतात, पण मुख्य परीक्षेच्या अर्जाच्या शेवटच्या तारखेला पदवी हातात पाहिजे, असा नियम. ती तारीख बारा दिवसांवर होती. अर्जानं लाल चांदणी लावून विचारलं होतं: पदवी प्रमाणपत्राचा क्रमांक आणि दिनांक. पंचशीलेनं प्लॅस्टिकची फाइल काढली. सगळ्या गुणपत्रिका होत्या, पदवी नव्हती. शेवटचा निकाल आणि लग्न एकाच आठवड्यात आलं होतं. पदवीचा फॉर्म भरायचा राहिला, मग पियू झाली, मग राहिलाच. आणि शेवटच्या गुणपत्रिकेवर खाली कोपऱ्यात बारीक इंग्रजी अक्षरं होती: आर.एल. सात वर्षं ती समजत होती, आर.एल. म्हणजे रेग्युलर. आज पहिल्यांदाच तिनं गुणपत्रिका उलटी करून मागची बाजू वाचली. मागच्या बाजूनुसार आर.एल. म्हणजे खालच्या वर्षाचा एक विषय बाकी असल्यानं निकाल राखून ठेवला आहे. विषय होता पर्यावरण.

लिंबाजीरावांनी पेपर बाजूला केला. सगळं ऐकून घेतलं. मग ट्रंक उघडली आणि तळातून लग्नाची पत्रिका काढली. "हे बग. आयुष्मती पंचशीला, कंसात बी.ए. आपुन छापलंय. आठशे पत्रिका वाटल्या. हे चालत न्हाई का जोडायला?"

शेषेराव काका तोवर नळाचा आवाज ऐकून बादली घेऊन आले होते आणि बादली विसरून बसले होते. कलेक्टर कचेरीत आवक-जावक सांभाळून निवृत्त झालेला माणूस. नियम म्हटला की त्यांना तरतरी यायची. पत्रिका त्यांनी चष्म्याखाली धरली, उलटसुलट केली. "लिंबाजीराव, पत्रिका हा दुय्यम पुरावा झाला. उलट प्रकरण वाढेल. उद्या कुणी म्हणालं, बी.ए. म्हणून सांगून मुलगी दिली, तर?"

"तर काय?" नागाबाई मोरीतून ओरडल्या. "परत घ्यायला येतेत का रेणापूरहून? आले तर सांगा, आमी देत न्हाई म्हनून."

रेणापूर पंचशीलेचं माहेर. तिला हसू आलं आणि त्याच वेळी डोळ्यांत पाणी आलं, आणि दोन्ही लपवायला तिनं पाइप जोडायला घेतला.

नवरा अश्वजित अर्धापूरच्या जनावरांच्या दवाखान्यात परिचर होता. संध्याकाळी घरी आल्यावर त्यानं समजूत घातली. "अशा केस आमच्याकडं रोज येतेत. म्हशीच्या कानातला बिल्ला पडतो. म्हैस तीच असते, दूधबी तेवढंच देते. फक्त नवा बिल्ला मारून घ्यायचा." त्या दिवशी त्याला चहा मिळाला, पण बिनसाखरेचा.

दुसऱ्या दिवशी ती विद्यापीठात गेली. विद्यापीठ घरापासून रिक्षानं वीस मिनिटांवर. खिडकीतल्या बाईंनी वीस सेकंदांत सांगितलं: गुण कॉलेजकडून आले नाहीत, कॉलेज लातूरला, लातूरला जा. पंचशीलेनं विचारलं, फोनवर नाही का होणार? बाई म्हणाल्या, "फोनवर बी.ए. होता आलं असतं तर मी एम.ए. झाले असते."

तर लातूर. लोहा, अहमदपूर, चाकूर मागं टाकत साडेतीन तास. मांडीवर पियू, पियूच्या मांडीवर फाइल.

कॉलेजच्या ऑफिसातल्या क्लार्कचं नाव माउली होतं. त्यामुळं त्या खिडकीपुढं उभा राहिलेला प्रत्येक जण हात जोडून "माउली, बघा की जरा," म्हणायचा, आणि त्या माणसाच्या चेहऱ्यावर इतक्या वर्षांत एक अवघडलेपण साचलं होतं.

"माउली, बघा की जरा," पंचशीला म्हणाली.

"मी नावाचा माउली हाव, ताई. मार्क देनं माज्या हातात न्हाई," असं म्हणत त्यांनी मात्र तासभर कपाटं उपसली. शेवटी धुळीनं रंग बदललेली फाइल निघाली. पर्यावरण प्रकल्प, गट क्रमांक सहा. पंचशीलेला एकदम आठवलं. पाच मैत्रिणींनी मिळून केला होता. कॉलेजच्या आवारातली झाडं मोजली होती, एक झाड दोनदा मोजलं होतं. पहिल्या पानावर एकाखाली एक नावं. चार नावं स्वच्छ. पाचव्या नावाच्या जागी भोक.

फाइलला लावताना पंचिंग मशीनचं भोक बरोबर तिच्या नावावर पडलं होतं. 'पंचशी' दोऱ्याबरोबर गेलं होतं, 'ला' तेवढा शिल्लक होता. आणि गुण भरणाऱ्यानं 'ला' नावाची विद्यार्थिनी यादीत शोधून सोडून दिली होती.

"हे मीच आहे," पंचशीला म्हणाली. "हा ला माझा आहे."

माउलींनी पान उजेडात धरलं. भोकातून त्यांचा एक डोळा दिसला. "तुमचाच असंल, ताई. पन भोकाला मार्क देता येत न्हाईत."

एकच वाट निघाली. नवा प्रकल्प. चाळीस पानं, हातानं लिहिलेली, आपल्या परिसराच्या पर्यावरणावर, 'स्वतः गोळा केलेली माहिती' असलेली. विभागप्रमुख शिवगंगा मॅडम तोंडी परीक्षा घेणार, गुण बंद लखोट्यातून विद्यापीठात जाणार, मग तात्पुरतं पदवी प्रमाणपत्र. हातात दहा दिवस.

घरी परतली तर गल्लीच्या तोंडाशी शेषेराव काका फ्लेक्सखाली उभे. "लिंबाजीराव, हा उतरवा. उमेदवार आज घडीला अपात्र आहे. ही जनतेची दिशाभूल झाली. माझा त्यात फोटो आहे."

लिंबाजीरावांनी फ्लेक्स एकदा वरपासून खालपर्यंत वाचला. मग म्हणाले, "शेषेराव, तीस वर्षं म्या बसवर 'लातूर' लिवलं. पाटी लावली तवा बस लातुरात व्हती का? डेपोतच व्हती. पाटी पोचल्यावर न्हाई लावत, निघताना लावतेत."

"पण मधला स्टॉप राहिला ना?"

"मंग मधला स्टॉप लिवतो की."

आणि त्यांनी घरातून ब्रश आणून एका पांढऱ्या पट्टीवर ठसठशीत अक्षरांत लिहिलं 'भावी बी.ए.', आणि ती पट्टी 'भावी उपजिल्हाधिकारी'च्या वर डकवली. अक्षर इतकं सुंदर होतं की ज्यांना काही माहीत नव्हतं तेही थांबून वाचू लागले. अर्ध्या नांदेडला कळलं की आपली भावी उपजिल्हाधिकारी अजून बी.ए. व्हायची आहे. पंचशीला त्या दिवसापासून तोंडाला ओढणी गुंडाळून पियूला शाळेत सोडत होती. पियू मात्र प्रत्येकाला थांबवून सांगायची, "ही माझीच आई आहे."

आता विषय. शेजारच्यांना विषय सुचवायला सांगायची गरज नव्हती. शेषेराव काका म्हणाले, समोरच्यांनी ओटा दोन फूट पुढं घेतलाय, हा पर्यावरणाचा मूळ प्रश्न. समोरच्या राजकन्याताई म्हणाल्या, ओटा नव्हं, डुकरं. अश्वजित म्हणाला, शेण. प्रत्येकाचं म्हणणं पंचशीला मानानं लिहून घेई, कारण नाही घेतलं तर ते जात नसत. तिसऱ्या दिवशी गल्लीत बातमी पसरली की पंचशीला मॅडमनी सर्व्हे सुरू केलाय. चौथ्या दिवशी लोक अर्ज घेऊन आले. कुणाचं रेशन कार्ड, कुणाचा गटाराचा पाइप. एकानं अर्जावर 'मा. भावी उपजिल्हाधिकारी यांचे सेवेशी' असं लिहून खाली 'मार्फत: भावी बी.ए.' घातलं होतं. पंचशीलेला तो वरिष्ठ-कनिष्ठ असा दोन ठिकाणी आपलाच पत्ता बघून गरगरलं. पाचव्या दिवशी नगरसेवकाचा माणूस मोटारसायकलवर येऊन दबक्या आवाजात विचारून गेला, "ताई, मोर्चा कवा हाय? भाऊंना कळवायचं व्हतं."

वहीत अकरा तक्रारी, बत्तीस सह्या आणि प्रकल्पाचं पान एकही नाही. पाच दिवस उरले.

त्या दुपारी पंचशीला वही पुढ्यात घेऊन नुसती बसून होती. पियू झोपलेली. घर गप्प. तिच्या मनात एकच गोष्ट फिरत होती: सात वर्षांत तिनं बाहेरचं एकही पद मिळवलं नव्हतं, पण 'बी.ए. झालेली सून' हे एक पद तिच्याकडं होतं, आणि ते या घरानं इतक्या अभिमानानं मिरवलं होतं. नागाबाईंनी तर भाजीवालीलासुद्धा सांगितलं होतं. ते पदच जर भोकातून निसटणार असेल तर...

नळ खोकला.

नागाबाई उठल्या, कॅलेंडरकडं गेल्या. गोल. गोलात एक टिंब.

"आत्या," पंचशीला म्हणाली, "टिंब कशाचं?"

"धार बारीक हाय न्हवं आज."

"आणि मागच्या आठवड्यात दोन रेघा होत्या त्या?"

"गढूळ आल्तं. उकळून घ्यायचं, म्हनून." नागाबाईंना हे इतकं उघड वाटत होतं की सुनेच्या शिक्षणाविषयी त्यांना क्षणभर खरीच शंका आली. "गोलाला किरनं काढली की दुपारच्या आत आलं. शेपूट काढलं की अर्ध्या घंट्यात पळालं. तू वाचीत बसलेली असतीस, तुला कळाय पायजे न्हवं, परत कवा येईल ते? म्या बघून सांगते तुला, आज येत न्हाई, वाच निवांत. ते काय उगं सांगते व्हय?"

नागाबाई इस्लापूरकडच्या, शाळा दुसरीपर्यंत. पंचशीला उठून कॅलेंडरसमोर उभी राहिली. पानामागून पान. जानेवारीपासून एकही नळ सुटला नव्हता.

"आत्या, आधीची कॅलेंडरं?"

"हायेत की. फळीवर."

फळीवर म्हणजे फळीवर अंथरलेली. डब्यांच्या खाली. घरातली सगळी भांडी, डबे, बरण्या, लोणच्याची सट, सगळं खाली उतरवलं गेलं. तिखटाच्या डब्याखाली मार्च निघाला आणि सगळ्यांना शिंका आल्या. साखरेच्या डब्याखालच्या सप्टेंबरला मुंग्या होत्या, मुंग्यांनाच लिंबाजीराव विनवत होते, "बाजूला व्हा गं, पोरीचं बीये हाय त्याच्यात." तीन वर्षांतली पस्तीस पानं सापडली. एक जुलै मिळेना. शेवटी तो पियूच्या अंकलिपीला कव्हर म्हणून घातलेला निघाला.

"हे माझं आहे," पियू अंकलिपी छातीशी धरून म्हणाली.

"बाळा, हे भावी बी.ए. आहे," पंचशीलेनं तिच्याच भाषेत सांगितलं.

पियूनं विचार केला. कव्हर दिलं. मात्र त्या बदल्यात प्रकल्पाच्या शेवटच्या पानावर तिला एक नळ काढू द्यावा लागला. नळाला डोळे होते आणि तो खोकत होता.

मग चार दिवस त्या घरानं दुसरं काही केलं नाही. नागाबाई वाचून दाखवत, पंचशीला लिहून घेई, लिंबाजीराव तक्ते आखत, अश्वजित बेरजा तपासत. एक हजार पंचाण्णव दिवस, दोनशे एकावन्न वेळा पाणी. उन्हाळ्यात सात-सात दिवसांचे खाडे. सोमवारी नळ जवळजवळ येतच नाही, हे पालिकेला माहीत असो नसो, नागाबाईंना माहीत होतं. शेषेराव काका ओट्याचा मुद्दा घालायला आले होते. तक्ते बघून ओटा विसरले आणि पानांना क्रमांक घालायचे राहिलेत, असं सांगून गेले. ते कुणी ऐकलं नाही.

तोंडी परीक्षेला सगळी वरात लातूरला गेली. पियूला धरायला नागाबाई पाहिजेत, नागाबाई जाणार तर लिंबाजीराव पाहिजेत. बस सुटण्याआधी त्यांनी पुढं जाऊन पाटी बघितली आणि नाक मुरडलं. "लातूरचा 'तू' बग कसा काढलाय. पाय लुळा हाय त्याचा."

शिवगंगा मॅडम बारीक चणीच्या, कडक. त्यांनी चाळीसच्या चाळीस पानं वाचली. पंखा फिरत होता. शेवटी चष्म्यावरून बघत त्यांनी विचारलं, "अट वाचली होतीत? माहिती स्वतः गोळा केलेली हवी. ह्या नोंदी तुम्ही स्वतः ठेवल्यात?"

'हो' म्हणायला एक अक्षर लागत होतं. त्या एका अक्षरापलीकडं बी.ए. होतं, त्यापलीकडं परीक्षा, त्यापलीकडं गल्लीच्या तोंडाशी लावलेली ती निळी पाटी. आणि कोण विचारायला येणार होतं? पंचशीलेच्या डोळ्यांपुढं फ्लेक्सवरचा तो हात आला, धड नसलेला.

"नाही मॅडम," ती म्हणाली. "माझ्या सासूबाईंनी ठेवल्यात. पहिल्या पानावर लिहिलंय. मी फक्त मोजल्या."

मॅडमनी पान उलटलं. मग दुसरं उलटलं आणि मोठ्यानं वाचू लागल्या: "पाणी कधी येईल याचा नेम नसल्यामुळे घरातल्या एका बाईला कायम घरातच थांबावं लागतं. आमच्या घरात ती बाई माझ्या सासूबाई. त्या थांबल्या म्हणून मी परीक्षेला जाऊ शकले." त्यांनी पानात बोट ठेवून वर बघितलं. "कुठं आहेत सासूबाई?"

नागाबाई दारातच होत्या. पदर डोक्यावर घेऊन आत आल्या आणि खुर्चीवर न बसता खुर्चीच्या पाठीला धरून उभ्या राहिल्या. मॅडमनी विचारलं, टिंब कशाचं, शेपूट कशाचं, मागच्या मेमध्ये काय झालं होतं. नागाबाईंनी सगळं सांगितलं आणि वर विचारलं, "तुमच्याकडं कितव्या दिवशी येतंय, मॅडम?"

"दहाव्या," मॅडम म्हणाल्या.

"अगं माय! मंग तुमी लिवून ठेवता का न्हाई?"

मॅडमनी चष्मा काढून पुसला. "नाही ठेवत," त्या म्हणाल्या, आणि इतक्या वेळात पहिल्यांदा हसल्या. "पंचशीला, निरीक्षण करणारी वेगळी आणि अभ्यास करणारी वेगळी असू शकते. फक्त तिचं नाव द्यावं लागतं. ते तुम्ही दिलंय. नसतं दिलं तर मी हा प्रकल्प परत केला असता."

पंचवीसपैकी तेवीस.

"दोन कशापाय कापले?" नागाबाई तिथल्या तिथं अडून बसल्या. त्यांना कुणीतरी सांगायला लागलं की पानांना क्रमांक नव्हते. लिंबाजीराव परतीच्या बसमध्ये चाकूरपर्यंत फक्त एवढंच म्हणत होते, "शेषेराव म्हनला व्हता. आता त्यो वर्षभर बोलतो."

त्याआधी कॉलेजात माउलींनी लखोटा स्वतः बंद करून पंचशीलेच्या हाती दिला, आणि पंचिंग मशीन टेबलाच्या खणात टाकून खणाला कुलूप घातलं. "आज ह्याला सुट्टी," ते म्हणाले.

शेवटच्या तारखेला सकाळी साडेअकराला विद्यापीठाच्या खिडकीतून तात्पुरतं पदवी प्रमाणपत्र बाहेर आलं. खिडकीतल्या बाईंनी ते देता देता निरखून बघितलं. "त्या फ्लेक्सवरच्या तुम्हीच का? मी रोज रिक्षातून बघते. भावी बी.ए." मग आवाज खाली आणून, "तो हात कुणाचा हो?"

"त्यांचा," पंचशीलेनं मागं बोट दाखवलं. नागाबाई रांगेतल्या बाकावर ताठ बसल्या होत्या, जणू हातासाठीच त्यांना बोलावलं होतं.

दुपारी दोनला अर्ज भरला गेला. क्रमांक, दिनांक, लाल चांदणी नाहीशी. पंचशीलेनं प्रमाणपत्राची मागची बाजूही दोनदा वाचली. कोरी होती.

संध्याकाळी सगळी गल्ली फ्लेक्सखाली जमली. लिंबाजीरावांनी स्टुलावर चढून 'भावी बी.ए.'ची पट्टी हलक्या हातानं सोडवली. फेकली नाही, ट्रंकेत लग्नपत्रिकेजवळ ठेवायची म्हणून गुंडाळून काखेत घेतली. शेषेराव काकांनी टाळ्या वाजवायला सुरुवात केली आणि पानांच्या क्रमांकाविषयी दोन शब्द बोलले. राजकन्याताईंनी पेढे आणले होते. पंचशीलेनं दहा दिवसांत पहिल्यांदाच ओढणी गळ्यात मोकळी सोडली आणि आपल्याच नावाकडं वर बघितलं. लाज वाटेल असं वाटलं होतं, नाही वाटली. नाव सरळ होतं, भोक नव्हतं.

पियू कडेवर होती. ती एकेक अक्षरावर बोट फिरवत सगळा फ्लेक्स वाचत होती. "तू भावी उपजिल्हाधिकारी," ती म्हणाली. "मी भावी पहिली." मग बोट खाली सरकलं, फोटोवर आलं, आईच्या खांद्यावर थांबलं, तिथल्या दोन काचेच्या बांगड्यांवर.

"हा आजीचा हात."

"हो."

नागाबाई तिथं नव्हत्या. पेढा तोंडात टाकून त्या केव्हाच घराकडं वळल्या होत्या. आज चौथा दिवस होता.

पियूनं रिकाम्या गल्लीकडं बघितलं, पुन्हा फ्लेक्सकडं बघितलं, आणि आईची हनुवटी धरून तोंड आपल्याकडं वळवलं.

"आई, आजी भावी काय आहे?"